नाकाच्या भरवशावर

माझे सासरे आमच्याकडे राहायला आले तेव्हा मला वाटलं होतं, घरात एक माणूस वाढेल. वाढली ती नुसती ये-जा. स्वयंपाकघरातून गॅलरीत, गॅलरीतून दारापाशी, दारापासून परत स्वयंपाकघरात. हातात फोन, खांद्यावर फडकं आणि पाय कुठेच थाऱ्यावर नाहीत. बसा म्हटलं की बसायचे, पण मी पाठ वळवायच्या आत उठलेले असायचे. त्यांच्याकडे बघून बघून मलाच थकवा यायचा.

इमारतीत सगळे त्यांना कप्तान म्हणतात. खरं तर ते मालवाहू जहाजांवर आचारी होते. कप्तानाच्या खोलीत उभ्या जन्मात गेले ते चहाचा ट्रे घेऊनच. पण तळमजल्यावरच्या शिंपीणबाईंनी पहिल्या दिवशी त्यांची लोखंडी पेटी जिन्यातून वर जाताना पाहिली, कप्तान आले वाटतं असं म्हणाल्या आणि ते नाव त्यांना चिकटलं. त्यांनाही ते आवडलं असावं. त्या नावाने कोणी हाक मारली की जरा ताठ होतात.

आम्ही चौथ्या मजल्यावर राहतो. माझा नवरा लिफ्ट दुरुस्त करायचं काम करतो आणि आमच्याच इमारतीला लिफ्ट नाही. यावर शेजारीपाजारी वर्षानुवर्षं तोच विनोद करत आले आहेत आणि नवरा दर वेळी नव्याने हसतो, इतका तो गरीब स्वभावाचा. मी तशी नाही. मी औषधाच्या दुकानात काउंटरमागे उभी असते. गोळ्यांच्या पाकिटावर नाव, तारीख, ताकद, सगळं वाचल्याशिवाय मी ते गिऱ्हाइकाच्या हातात देत नाही. माझ्या घरात मिठाच्या बरणीवरसुद्धा मीठ असं लिहिलेलं असायचं. असायचं, कारण कप्तान आले आणि आठवडाभरात माझी सगळी लेबलं पाण्यात भिजवून काढून टाकली.

जहाजाची सवय त्यांच्या अंगातून उतरत नव्हती. जेवताना ताटाखाली ओलं फडकं, ताट घसरू नये म्हणून. कपाटांच्या मुठी रोज रात्री सुतळीने एकमेकींना बांधायच्या, म्हणजे सकाळी साखर काढायची तर आधी गाठ सोडा. घर हलत नाही हो बाबा, असं मी त्यांना समजावून सांगितलं. आज नाही हलत, एवढंच म्हणाले आणि गाठ आवळली.

मसाल्यांचं तर बोलायलाच नको. पेटीतून त्यांनी एकसारख्या बरण्या काढल्या आणि ओट्यावर ओळीने मांडल्या. एकीवरही अक्षर नाही. कुठली बरणी कशाची हे जागेवरून ओळखायचं, हात आपोआप तिथेच गेला पाहिजे, हा त्यांचा नियम. त्यांचं म्हणणं असं की भटारखान्यात वाफेने लेबलं गळून पडतात, आणि नाही पडली तर त्याहून वाईट. या बंदरात भरलेली बरणी पुढच्या बंदरात दुसराच कोणी भलत्याच मालाने भरतो, वर चिठ्ठी मात्र जुनीच राहते. लेबल म्हणजे अफवा, असं ते म्हणाले. माझ्या धंद्याला कोणी अफवा म्हणावं आणि मी गप्प बसावं, असं व्हायचं नाही. तेव्हापासून आमच्यात जुंपली.

बरण्या उघडता-मिटताना त्यांच्या तोंडी नावं चालू असायची. जिरं म्हणजे इंग्रजीत क्युमिन, अरबीत कम्मून, तुर्कीत किम्योन, स्पॅनिशमध्ये कोमिनो, मलयमध्ये जिंतान. हळद म्हणजे टर्मरिक, कुर्कुम, कुन्यीत, आणि स्वाहिली बोलणाऱ्यांकडे मांजानो. दालचिनीला मलय लोक कायू मानीस म्हणतात, म्हणजे गोड लाकूड. लवंगेला स्पॅनिश माणूस क्लावो म्हणतो, म्हणजे खिळा, आणि खरंच ती दिसतेही तशीच. यातल्या एकाही भाषेत त्यांना कोणाची खुशाली विचारता येत नाही. एकदा परक्या बंदरात वाट चुकले तर पोलिसाला त्याच्या भाषेत वेलची, वेलची असं सांगत राहिले, म्हणजे तो निदान बाजारात तरी नेऊन सोडेल. तसा त्याने सोडला, आणि बाजारातून जहाजाचा रस्ता त्यांना पाठ होता.

नावं कशी शिकलात, असं नवऱ्याने एकदा कौतुकाने विचारलं. त्यांनी सांगितलं ते मला लख्ख आठवतं. प्रत्येक बंदरावर माल घ्यायला उतरायचं, दुकानदाराला नाव सांगायचं, तो मूठभर माल पुढे करील तो नाकाशी धरायचा. नावात फसवाफसवी होते, उच्चार चुकतो, पण वास एकदा पटला की सौदा झाला. इतकी नावं आणि वास एकच, असं म्हणून ते हसले. मग लगेच उठून गॅलरीत गेले.

नवऱ्याच्या लहानपणी कप्तान घरी पाहुण्यासारखेच यायचे. थोडे दिवस राहायचे आणि परत जायचे. सासूबाई गेल्या तेव्हाही ते समुद्रावरच होते. त्यामुळे नवऱ्याकडे बाबांच्या आठवणी फार नाहीत. एक मात्र तो पुन्हा पुन्हा सांगतो. बाबा जिरं भाजायला ठेवायचे आणि तिथून चक्क निघून जायचे. अंगणात जायचे, शेजाऱ्याशी गप्पा मारायचे, दाढी करायचे. आई आतून ओरडायची, जळेल म्हणून. हे मात्र नेमक्या वेळी येऊन कढई उतरवायचे. जिरं पाहायचं नसतं, नाक हाक मारतं, असं सांगायचे. हा खेळ पाहायला त्याचे मित्र जमायचे.

म्हणून या वेळी त्याने हौसेने अख्खं जिरं आणून ठेवलं. पण कप्तानांनी त्याला हात लावला नाही. मला दुकानातून तयार पूड आणायला सांगितली. मला तेव्हाच खटकायला हवं होतं, पण मी आपली लेबलांच्या दुःखात.

मागच्या सफरीत त्यांना ताप आला होता आणि कंपनीने मधल्याच बंदरावरून त्यांना घरी पाठवलं होतं. विश्रांती घ्या, मग बघू, असं सांगितलेलं. तेव्हापासून त्यांचा जीव त्या फोनवर टांगलेला होता. एजंटचा फोन कधी येतो आणि नवं जहाज कधी मिळतं, बाकी काही नाही. आणि खोटं कशाला बोलू, मीही देव पाण्यात घालून बसले होते. त्यांना जहाज मिळावं, माझं स्वयंपाकघर मला मिळावं आणि साखरेच्या कपाटाची गाठ एकदाची सुटावी.

अखेर फोन आला. एका जहाजाला आचारी हवा होता. पुढच्या आठवड्यात खलाशांच्या वसतिगृहात येऊन स्वयंपाक करून दाखवायचा, अधिकारी जेवून बघतील, पसंत पडला तर लगेच निघायचं. कप्तानांनी फोन ठेवला आणि त्या दिवशी ते गॅलरीत इतक्या फेऱ्या मारून आले की शिंपीणबाईंनी खालून विचारलं, वर लग्नघर आहे का म्हणून.

दुसऱ्या दिवशी ते केस कापायला गेले. मी बरण्या पुसायला घेतल्या आणि माझा हात थांबेना. आता जाणारच आहेत, तर घर आतापासूनच माझं करायला काय हरकत आहे, असा विचार केला. सगळ्या बरण्यांवर नवी लेबलं लावली आणि दुकानात औषधं लावतो तशी त्यांची अक्षरांप्रमाणे ओळ लावली. आधी काळी मिरी, मग जिरं, तिखट, दालचिनी, धने, असं करत शेवटी हळद. मांडून झाल्यावर लांब उभी राहून पाहिलं. फार बरं वाटलं.

ते परत आले, ओट्याकडे पाहिलं आणि नाकाला मिरच्या झोंबल्यासारखा चेहरा केला. त्या संध्याकाळी त्यांना परीक्षेच्या जेवणाची तालीम करायची होती. बटाट्याचा रस्सा, मासे, भात. चष्मा पेटीत होता आणि तो काढणं म्हणजे माझ्या लेबलांपुढे हार मानणं. हळद आणि तिखट त्यांनी रंगावरून उचललं. उरलेल्या बरण्यांत सगळी तपकिरी पूड. त्यांनी एक बरणी उघडली, नाकाशी धरली, डोळे मिटून मान डोलावली आणि आतली पूड चांगली सढळ हाताने रश्श्यात घातली.

ती दालचिनी होती. वास माझ्यापर्यंत आला. मी दारातच उभी होते, भाजी निवडत.

जेवताना नवऱ्याने पहिला घास घेतला आणि माझ्याकडे पाहिलं. मी ताटाकडे पाहिलं. गोड, उग्र, औषधी अशी काहीतरी चव होती, मुलांच्या खोकल्याच्या औषधाला असते तशी. कप्तान आमच्या तोंडाकडे बघत होते. मग त्यांनी स्वतः एक घास खाल्ला, जिरं जरा पुढे आलंय का, असं विचारलं. नवरा म्हणाला, मस्त झालंय बाबा. आणि त्या बिचाऱ्याने आणखी वाढून घेतलं.

सकाळी नवरा कामावर गेल्यावर मी त्यांना स्टुलावर बसवलं. डोळे मिटा म्हटलं आणि लवंगेची बरणी त्यांच्या नाकाखाली धरली. वेलची, ते म्हणाले, आणि लगेच तिची नावं सुरू केली, कार्डमम, हेल, इलिकी. आवाज मोठा होत गेला. मी दुसरी बरणी धरली. मिरी, ते म्हणाले, पेपर, फिलफिल, पिमिएंता. ती रिकामी बरणी होती, धुऊन वाळवलेली. मी तिसरी बरणी उचललीच नाही, त्यावरूनच त्यांना कळलं. डोळे उघडून त्यांनी बरणीत पाहिलं आणि माझ्या हातातून घेऊन झाकण लावलं.

"तापानंतर वास गेला," ते म्हणाले. "काहीच येत नाही. साबण, मासळी, डिझेल, काहीच नाही. मुलाला सांगू नकोस."

मला त्यांची कीव आली आणि रागही आला, दोन्ही एकदम. आमचं जेवण बिघडवलं म्हणून राग नव्हता. जहाजावर वीस-बावीस माणसं असतात आणि त्यांचं पोट या माणसाच्या हातात. नासलेलं मटण, करपलेलं तेल, तापलेली वायर, यातलं काय कळणार होतं त्यांना? मी हे सगळं बोलून दाखवलं. त्यांनी उत्तरं तयार ठेवली होती. धुराला घंटा असते, मांसावर तारीख असते, चव बघायला हाताखालचा माणूस असतो. लेबलं वाचीन, म्हणाले, तुझ्यासारखी. हे ऐकायला मी किती दिवस आसुसले होते, आणि ऐकलं तेव्हा नकोसं झालं.

शेवटी मी सांगितलं की मी मुलाला सांगणार नाही, पण एजंटला तुम्हीच सांगायचं. हो, हो, सांगतो म्हणाले. त्यांच्या त्या हो-हो वरूनच मला कळलं की सांगणार नाहीत. मी सांगावं का, हा प्रश्न मला दुकानात दिवसभर छळत राहिला. गिऱ्हाइकांना सुटे पैसे चुकीचे दिले. सांगावं तर त्यांचं जहाज मी बुडवलं असं होणार. न सांगावं तर उद्या काही झालं की ते माझ्या डोक्यावर. आणि या सगळ्याच्या तळाशी एक आवाज हळूच म्हणत होता, जाऊ दे ना, जातील तर घर मोकळं होईल. त्या आवाजाचाही मला संताप यायचा.

परीक्षेला ते चष्मा लावून, माझी लेबलं लावलेल्या बरण्या पिशवीत भरून गेले. चमच्याने मोजून मसाले घातले असणार. जन्मभर मुठीने आणि चिमटीने घालणाऱ्या माणसाने मोजून घातले. पास झाले. अधिकाऱ्यांनी दुसऱ्यांदा वाढून घेतलं असं एजंट फोनवर म्हणाला, आणि नवरा पेढे आणायला धावला. तीन दिवसांनी निघायचं होतं.

ते तीन दिवस आमचं घर धर्मशाळा झालं होतं. पेटी मधोमध उघडी, दोऱ्या, सुऱ्या, मोजे, गोळ्या. कप्तान हवेत तरंगत. जिन्याने दोनदा खाली-वर करून शिंपीणबाईंकडून दोन ॲप्रन शिवून आणले. मी एजंटबद्दल विचारलं की ते ऐकू न आल्यासारखं करायचे. मी आदल्या संध्याकाळपर्यंत वाट पाहायची आणि मग नवऱ्याला सांगायचं, असं ठरवलं. पक्कं ठरवलं होतं.

आदल्या संध्याकाळी मी दुकानातून परतले. दुसऱ्याच मजल्यावर मला वास आला. करपल्याचा, कडू, डोळ्यांत पाणी आणणारा. शिंपीणबाई मागून धापा टाकत वर येत होत्या, कोणाचं तरी जळतंय गं, असं म्हणत. तिसऱ्या मजल्यावर दारं उघडली होती. मी पायऱ्या कशा चढले ते मला सांगता येणार नाही.

दार उघडंच होतं. कप्तान बाहेरच्या खोलीत स्वयंपाकघराकडे पाठ करून उकिडवे बसले होते आणि पेटीचा पट्टा आवळत होते. गुणगुणत होते. आत ओट्यावर कढईत जिरं कोळसा झालं होतं आणि शेगडीला लागून पसरलेलं त्यांचं ते ओलं फडकं वाळून एका कडेने पेटलं होतं. मी गॅस बंद केला, फडकं चिमट्याने ओढून मोरीत टाकलं, वर बादली ओतली. शिंपीणबाईंनी खिडक्या उघडल्या, माझ्याकडे एकदा पाहिलं आणि न बोलता खाली गेल्या. बोलघेवड्या बाई, पण त्या दिवशी शहाण्यासारख्या वागल्या.

कप्तान दारात उभे होते. त्यांनी कढई पाहिली. मुलाने आणलेलं अख्खं जिरं, सफरीला स्वतःच्या हातचं न्यावं म्हणून त्यांनी ते भाजायला ठेवलं होतं. आणि आनंदाच्या भरात, चाळीस वर्षांच्या सवयीने, आच मंद करून तिथून निघून गेले होते. नाक हाक मारील म्हणून. नाक नाही हे ते विसरले होते. मी जन्मात विसरणार नाही असा त्यांचा चेहरा झाला होता. मला रडू आलं. ओरडायचं ठरवलं होतं ते राहून गेलं.

त्यांनी कढईतलं काळं जिरं चिमटीत घेतलं, बोटं नाकाशी नेली. मग हात खाली घेतला.

"इथं तू जिन्यावरून आलीस," ते म्हणाले. "जहाजाला जिना असतो, पण त्यावरून येणारं कोणी नसतं."

मग त्यांनी फोन घेतला. मी बाजूला व्हायला निघाले तर मला थांब म्हणाले. एजंटला त्यांनी नमस्कार घातला आणि सरळ सांगितलं, "साहेब, माझं नाक गेलंय. दुसरा माणूस बघा." पलीकडून बराच वेळ काहीतरी बोलणं चाललं होतं. ते हो म्हणत राहिले. नवरा आला तेव्हा त्यालाही त्यांनीच सांगितलं. नवरा त्यांच्याजवळ जमिनीवर बसला आणि दोघं मिळून पेटीचा पट्टा सोडायला लागले. तो इतका घट्ट आवळला होता की सुटेना.

कान-नाक-घशाच्या डॉक्टरांनी तपासून सांगितलं की वास परत येईल किंवा येणार नाही. एक व्यायाम मात्र आहे. रोज सकाळी ठरावीक तीव्र वास हुंगायचे आणि हुंगताना त्या वासाची आठवण काढायची. आठवण काढणं महत्त्वाचं. औषध नाही म्हटल्यावर कप्तानांचा विश्वास बसेना. वासाला काय शाळेत घालायचं, म्हणाले. पण सकाळी उठून बघते तर स्टुलावर बसलेले. माझ्या लेबलांसकट बरण्या पुढे. एक एक उघडून हुंगतात, डोळे मिटून तिची सगळी नावं म्हणतात. क्युमिन, कम्मून, किम्योन, कोमिनो, जिंतान. झाकण लावतात, पुढची घेतात. संपलं की उठून गॅलरीत फेऱ्या, त्या काही थांबल्या नाहीत. कपाटांच्या गाठीही तशाच आहेत. आता मी त्या सोडते आणि तोंड बंद ठेवते.

परवा मी घाईत डबा भरत होते तेव्हा त्यांनी मला हाक मारली. जिऱ्याची बरणी माझ्यापुढे धरली.

"नावं सगळी येतात गं," ते म्हणाले. "आठवण काढायची तर कशाची काढू तेच सुचत नाही. तू हुंग. कसा येतो ते सांग."

मी डबा खाली ठेवला आणि हुंगलं. वास चांगला ताजा, घमघमीत होता. सांगायला तोंड उघडलं. मातीसारखा म्हणावं तर तसा नाही. गरम म्हणावं तर वास कसा गरम असेल? थोडा कडू, पण तो कडूपणा नव्हे. मी पुन्हा हुंगलं. ते माझ्या तोंडाकडे बघत होते, बटाट्याच्या रश्श्याच्या दिवशी बघत होते तसे.

"जिऱ्यासारखा येतो, बाबा," मी म्हणाले.

त्यांनी मान हलवली. "तोच," म्हणाले आणि झाकण लावून पुढची बरणी माझ्या हातात दिली. मला दुकानात जायला उशीर झाला होता. मी दुसरं स्टूल ओढून घेतलं.